माठातलं इन्सुलिन

एप्रिल संपत आला की जळगाव-भुसावळकडे पारा ४४-४५ अंशांवर चढतो आणि नेमकी त्याच दिवसांत दुपारची लाईट जाते. मधुमेहासाठी इन्सुलिन घेणारं माणूस घरात असलं की फ्रिजचं दार उघडू नका, असं पोरांना दहादा बजावलं जातं. धडगाव-अक्कलकुव्याच्या पाड्यावर किंवा रावेरकडे केळीच्या बागेतल्या सालदाराच्या खोलीत फ्रिजच नसतो. औषध वाया गेलं तर काय, ही धास्ती तिथे कायमची असते. त्यातली काही धास्ती रास्त आहे, काही विनाकारण.

इन्सुलिन हे प्रथिन आहे. एकूण ५१ अमिनो आम्लांच्या दोन साखळ्या गंधकाच्या बंधांनी एकमेकींना जोडलेल्या असतात. बाटलीत असे सहा-सहा रेणू जस्ताच्या आधाराने एकत्र बसतात आणि त्या घोळक्यात ते सुरक्षित असतात. उष्णता वाढली किंवा बाटली जोरजोरात हलवली की घोळका फुटतो, सुटा रेणू उलगडतो आणि दुसऱ्याला चिकटून बारीक तंतू तयार होऊ लागतात. असं इन्सुलिन रक्तातली साखर उतरवत नाही. गोठलेलं इन्सुलिनही बाद, मग ते वितळून पुन्हा छान पातळ दिसो. म्हणून जुन्या एकदारी फ्रिजमध्ये बर्फाच्या कप्प्याला चिकटून बाटली ठेवणं हे फ्रिज नसण्यापेक्षा घातक ठरू शकतं. प्रवासातही ती थेट बर्फावर ठेवू नये.

मग इन्सुलिनच्या खोक्यावर छापलेल्या २ ते ८ अंशांच्या अटीचं काय? ती अट न उघडलेली बाटली मुदतीपर्यंत, म्हणजे पुष्कळ महिने टिकवण्यासाठी आहे. वापरात असलेल्या बाटलीला बहुतेक कंपन्या २५ किंवा ३० अंशांखाली सुमारे चार आठवडे देतात. केनियातल्या दागाहाले निर्वासित छावणीतलं तापमान जिनिव्हा विद्यापीठ आणि ‘डॉक्टर्स विदाऊट बॉर्डर्स’च्या संशोधकांनी प्रयोगशाळेत जसंच्या तसं उभं केलं. २५ ते ३७ अंशांत खालीवर होणाऱ्या तापमानात चार आठवडे ठेवलेलं इन्सुलिन थंड जागी ठेवलेल्याइतकंच प्रभावी राहिलं. हे निष्कर्ष २०२१ साली आले. कॉक्रेन ही संस्था वैद्यकीय संशोधनं एकत्र करून पडताळते; तिच्या २०२३ च्या आढाव्याप्रमाणे न उघडलेलं मानवी इन्सुलिन (म्हणजे शरीरातल्या इन्सुलिनसारखंच बनवलेलं, जुनं साधं इन्सुलिन) ३७ अंशांपर्यंत दोन महिने टिकू शकतं. तेव्हा चार तास लाईट गेली म्हणून बाटली फेकू नका.

पण ३७ म्हणजे ४५ नव्हे. पत्र्याच्या खोलीत, मोटारसायकलच्या डिक्कीत किंवा उन्हात उभ्या गाडीत ही हमी संपते. इथे आपला माठ कामाला येतो, आणि खानदेशात तो कोकणापेक्षा कितीतरी चांगला चालतो. एक ग्रॅम पाण्याची वाफ व्हायला सुमारे ५८० कॅलरी उष्णता लागते. ती माठाच्या भिंतीतून, म्हणजे आतल्या वस्तूतूनही ओढली जाते. हवा जितकी कोरडी, तितकं बाष्पीभवन जोरात. ४४ अंश तापमान आणि १५ टक्के आर्द्रता असेल तर ओल्या पृष्ठभागाचं तापमान सिद्धांताने २३ अंशांच्या आसपास उतरू शकतं. प्रत्यक्षात माठ तितका गाठत नाही, पण तिशीच्या आत-बाहेर येतो आणि आपल्याला तेवढं पुरे. जुलै-ऑगस्टमध्ये हवा दमट झाली की हा फायदा जवळपास संपतो, पण तेव्हा ऊनही उतरलेलं असतं.

मोठ्या माठात छोटा माठ, मधल्या फटीत ओली वाळू, वर ओलं फडकं. माठ बिनरंगाचा असावा, सावलीत आणि वारा लागेल असा ठेवावा. बाटली आधी घट्ट झाकणाच्या डबीत घालावी, पाणी लागू देऊ नये. आत एक साधा थर्मामीटर ठेवला तर अंदाजाने चालावं लागत नाही. जुन्या माठाची छिद्रं क्षारांनी बुजतात, म्हणून दर उन्हाळ्यात नवा घ्यावा.

आता पैशांचं. ४० युनिट प्रति मिलीच्या मानवी इन्सुलिनची १० मिलीची बाटली साधारण दीडशे-पावणेदोनशे रुपयांना येते, कारण त्याच्या दरावर सरकारी मर्यादा आहे. तिच्यात ४०० युनिट असतात. रोज ४० युनिट घेणाऱ्याला महिन्याला तीन बाटल्या, म्हणजे पाचशेच्या आसपास खर्च. शेतमजुराच्या घरात तोही जड जातो. पेनमधलं नव्या प्रकारचं इन्सुलिन युनिटमागे कितीतरी महाग पडतं. काहींना त्याची खरी गरज असते, विशेषतः रात्री साखर खूप उतरत असेल तर. बाकीच्यांनी ‘साधं चालेल का?’ हे डॉक्टरांना मोकळेपणाने विचारावं. जागतिक आरोग्य संघटनेनेही २०१८ मध्ये मानवी इन्सुलिनलाच पहिली पसंती दिली होती. प्रकार मात्र स्वतःहून बदलू नये.

एक धोका फार जवळचा आहे. ४० युनिटच्या बाटलीला लाल टोपणाची सिरिंज लागते, १०० युनिटच्या इन्सुलिनला केशरी टोपणाची. अदलाबदल झाली तर डोस अडीचपट चुकतो. दुकानातच बाटलीवरचा आकडा आणि टोपण जुळवून घ्या. मिश्र इन्सुलिन (लवकर आणि सावकाश काम करणाऱ्या इन्सुलिनचं मिश्रण) दुधाळच असतं, ते तळहातांत हळू फिरवून एकसारखं करावं. गुठळ्या राहिल्या किंवा काचेला पांढरे कण चिकटले तर ते वापरू नये. पण बिघाड दर वेळी दिसतोच असं नाही. खाणंपिणं, डोस सगळं तेच असून साखर चढू लागली तर नवी बाटली उघडा आणि डॉक्टरांना कळवा. टाइप १ मधुमेहात शरीर स्वतःचं इन्सुलिन जवळपास बनवतच नाही, म्हणून अशा मुलाचं इंजेक्शन एक दिवसही थांबवू नका.

१५ ऑगस्ट २०२३ पासून राज्याच्या सार्वजनिक आरोग्य विभागाच्या रुग्णालयांत उपचार मोफत आहेत. आधी ग्रामीण रुग्णालयात विचारावं, मग जनऔषधी केंद्रात. माझं मागणं एवढंच की तिथून बाटली देताना ती घरी कुठे ठेवणार, हेही विचारलं जावं. फ्रिज नाही असं उत्तर आलं, तर आशाताईंनी पुढच्या फेरीला त्या घरात दोन माठ आणि थर्मामीटर बसवून द्यावेत. एका कुटुंबामागे हा खर्च दोन-चार बाटल्यांच्या पलीकडे जाऊ नये.