बापलेकांमधला कोरा चेहरा

“बाबा, बरे आहात ना?” “हो. थांब, आईकडे देतो.” वर्षानुवर्षे एवढ्यावरच आटोपणाऱ्या फोनवरून बापलेकांमधली माया आटली, असा निष्कर्ष आपण फार लवकर काढतो.

जेम्स ग्रॉस आणि रॉबर्ट लेव्हनसन या मानसशास्त्रज्ञांनी १९९३ मध्ये प्रसिद्ध केलेल्या प्रयोगात सहभागींना शस्त्रक्रियेची किळसवाणी चित्रफीत दाखवली आणि त्यांपैकी काहींना, आपल्या मनात काय चालले आहे याचा पाहणाऱ्याला पत्ता लागू नये अशा रीतीने बसण्यास सांगितले. त्यांचे चेहरे बरेचसे निर्विकार राहिले, पण वाटणारी किळस काही कमी झाली नाही. उलट त्वचेवरच्या उपकरणांनी घामग्रंथींची वाढलेली चलबिचल टिपली. पुढे २००३ मध्ये एमिली बटलर आणि सहकाऱ्यांनी अनोळखी स्त्रियांच्या जोड्यांना अस्वस्थ करणाऱ्या चित्रफितीवर आपसांत बोलायला लावले, तेव्हा एकीने भावना दडपल्या की तसे करण्याची कोणतीही सूचना नसलेल्या दुसरीचा रक्तदाबही चढत असल्याचे दिसले. (अनोळखी स्त्रियांवरचा हा प्रयोग बापलेकांना जसाच्या तसा लावता येणार नाही, पण समोरचा गप्प बसला की आपल्यालाही अवघडल्यासारखे होते, हा अनुभव कोणाला नाही?)

पुरुषाची घडणच अशी असते, हे नेहमीचे स्पष्टीकरण मला पटत नाही. फिलिपाइन्समधील सेबू येथे ६२४ पुरुषांच्या टेस्टोस्टेरॉन या पुरुषी संप्रेरकाची मोजणी सुमारे साडेचार वर्षांच्या अंतराने दोनदा झाली. २०११ मध्ये प्रसिद्ध झालेल्या या अभ्यासात, मधल्या काळात बाप झालेल्यांमध्ये हे संप्रेरक इतरांपेक्षा बरेच अधिक घटलेले आढळले, आणि रोज तीन तास किंवा त्याहून अधिक वेळ मुलांचे करणाऱ्या वडिलांमध्ये ते, मुलांच्या देखभालीत सहभाग नसलेल्या वडिलांच्या तुलनेत, कमी होते. बाळाला सांभाळण्याशी पुरुषाचे शरीर असे जुळवून घेत असेल, तर दुराव्याचे मूळ अन्यत्र शोधावे लागते.

त्याचा एक धागा भाषेत सापडतो. अमेरिकेतील एमरी विद्यापीठाच्या जेनिफर मस्कारो यांनी तान्हेपण नुकतेच सरलेल्या मुलामुलींच्या वडिलांच्या कमरेला एक छोटे ध्वनिमुद्रण यंत्र लावून त्यांच्या घरगुती बोलण्याचे तुकडे टिपले. २०१७ मध्ये प्रसिद्ध झालेल्या या नोंदींत मुलींचे वडील अधिक गात होते आणि दुःखाविषयीचे शब्दही अधिक वापरत होते. मुलग्यांचे वडील त्यांच्याशी अधिक दंगामस्ती करत होते आणि त्यांच्या तोंडी जिंकणे, अभिमान असे शब्द अधिक येत होते. दंगामस्तीतही जवळीक असतेच, हे मान्य. पण त्यातून रडू आल्याचे सांगायला लागणारे शब्द मुलाच्या हाती लागत नाहीत.

याच वडिलांना मेंदूचे चित्रण चालू असताना आपापल्या अपत्याची छायाचित्रे दाखवली गेली. मुलींच्या वडिलांचा मेंदू हसऱ्या चेहऱ्याला अधिक तीव्र प्रतिसाद देत होता, तर मुलग्यांच्या वडिलांचा मेंदू कोऱ्या, कोणताच भाव नसलेल्या चेहऱ्याला. आणि तो कोरा चेहरा जेमतेम एक-दोन वर्षांच्या मुलाचा होता.