वित्तोरियो गासमन: रंगभूमीवरून सिनेमात

वित्तोरियो गासमन (१ सप्टेंबर १९२२, जेनोव्हा – २९ जून २०००, रोम) हा मुळात इटलीच्या रंगभूमीचा नट, नंतर सिनेमातला स्टार झाला पण नाटक त्याने कधीच सोडलं नाही. वडील जर्मन, आई इटालियन ज्यू. पोरगा उंच, देखणा आणि बास्केटबॉल चांगला खेळणारा. रोमच्या राष्ट्रीय नाट्य अकादमीत शिकला आणि १९४२ मध्ये मिलानला व्यावसायिक रंगमंचावर उभा राहिला.

दुसरं महायुद्ध संपल्यावर दिग्दर्शक लुकिनो व्हिस्कोंतीने त्याला हेरलं. १९४९ मध्ये टेनेसी विल्यम्सच्या 'अ स्ट्रीटकार नेम्ड डिझायर'मध्ये स्टॅनली कोवाल्स्की गासमनने केला, आणि त्याच प्रयोगात मिचच्या कामात मार्चेल्लो मास्त्रोयान्नी होता, म्हणजे पुढचे दोन मोठे फिल्म स्टार एकाच स्टेजवर! १९५२ मध्ये दिग्दर्शक लुइजी स्क्वार्झिनाबरोबर स्वतःची नाटक कंपनी काढून त्याने अख्खा 'हॅम्लेट' न कापता केला. 'ऑथेल्लो'ची गोष्ट तर सांगायलाच हवी. त्यात तो आणि दुसरा नट साल्व्हो रांदोने आळीपाळीने ऑथेल्लो आणि इयागो करायचे, आज हा नायक तर उद्या तो. दोन्ही भूमिका एकाच वेळी तोंडपाठ ठेवून असं करायला किती ताकद लागत असेल ते नाटकात काम केलेल्या माणसाला विचारा.

सिनेमात मात्र सुरुवातीची दहाएक वर्षं त्याचं नीट जमलंच नाही. १९४९ च्या 'रीसो अमारो'त (कडू भात) तो व्हिलन होता, पिक्चर खूप गाजला, पण मग तसेच देखणे बदमाश त्याच्या वाट्याला येत राहिले. १९५२ मध्ये हॉलिवूडची नटी शेली विंटर्सशी लग्न केलं, तिकडेही काही पिक्चर केले, लग्न आणि हॉलिवूड दोन्ही फार टिकलं नाही. माझ्या मते अडचण त्याच्या ताकदीतच होती. शेवटच्या रांगेपर्यंत पोचणारा आवाज, खणखणीत संवादफेक, मोठे हातवारे, आणि कॅमेरा असतो तोंडापासून दोन हातांवर, मग जे थिएटरात भारदस्त वाटतं ते पडद्यावर भडक दिसतं.

ही कोंडी १९५८ मध्ये दिग्दर्शक मारिओ मोनिचेल्लीने फोडली. 'इ सोलिती इन्योती' हा अर्धवट चोरांच्या टोळीचा पिक्चर, आणि त्यात गासमनला घ्यायचं म्हटल्यावर निर्मात्याकडची मंडळी तयार नव्हती, ट्रॅजेडीवाला नट लोकांना हसवणार कसा? मोनिचेल्ली अडून बसला. मेकअपने गासमनचं नाक बदललं, कपाळ छोटं केलं आणि त्या सुंदर आवाजाला चक्क तोतरं केलं. पडेल बॉक्सर पेप्पे असा उभा राहिला आणि एका पिक्चरने करिअरच पालटलं. पुढच्याच वर्षी विनोदी नट अल्बेर्तो सोर्दीबरोबर 'ला ग्रांदे ग्वेर्रा' आला, त्याला व्हेनिस महोत्सवाचा सर्वोच्च पुरस्कार गोल्डन लायन (विभागून) मिळाला, आणि त्याच वर्षी टीव्हीवरच्या 'इल मात्तातोरे' (सगळा रंगमंच एकटाच खाऊन टाकणारा नट) शोमुळे त्याला तेच टोपणनाव कायमचं चिकटलं.

मग दिग्दर्शक दिनो रीझीचा 'इल सोर्पासो' (१९६२). ऑगस्टच्या सुट्टीत ओसाड पडलेलं रोम, लान्चिया आउरेलिया गाडी, बडबड्या ब्रूनो आणि त्याने ओढून नेलेला लाजाळू विद्यार्थी. इथे नाक नाही, तोतरेपण नाही, स्वतःच्याच चेहऱ्याने तो हसवतो आणि मधेच एखाद्या क्षणी त्या माणसाचं रिकामपण दाखवून जातो. त्याचं सगळ्यात भारी काम हेच, असं मला ठामपणे वाटतं. १९६६ मध्ये 'लार्माता ब्रांकालेओने'मधला फाटका सरदार आला, तिथे तर नाटकी थाटच विनोदाचं भांडवल झाला.

'प्रोफूमो दि दोन्ना' (१९७४) मधल्या आंधळ्या निवृत्त लष्करी अधिकाऱ्यासाठी १९७५ मध्ये कान महोत्सवात त्याला सर्वोत्कृष्ट अभिनेत्याचं बक्षीस मिळालं. अल पचिनोला ऑस्कर मिळवून देणारा 'सेंट ऑफ अ वुमन' (१९९२) याचाच रिमेक, पण आपल्याकडे पचिनो सगळ्यांना माहीत आणि मूळ नट फार थोड्यांना, ही हळहळ वाटण्यासारखी गोष्ट आहे.

पिक्चर जोरात चालू असतानाच १९६० मध्ये त्याने फिरत्या तंबूचं लोकनाट्यगृह काढून इटालियन लेखक मान्झोनीचं 'आदेल्की' हे नाटक केलं, १९७९ च्या सुमारास फ्लॉरेन्सला नटांसाठी शाळा काढली. 'द लायन किंग'च्या इटालियन डबिंगमध्ये मुफासाचा आवाज त्याचाच. १९९२ मध्ये सत्तरीला आलेला गासमन जन्मगावी जेनोव्हाच्या बंदरावर 'मोबी डिक'वर बेतलेलं नाटक घेऊन उभा राहिला. मुलगा अलेस्सांद्रो हाही नाटक-सिनेमातला नट आहे.