कारिएर यांची पटकथा: संकलनाच्या टेबलापासून ‘महाभारता’पर्यंत

फ्रेंच पटकथाकार ज्याँ-क्लोद कारिएर हे नाव आपल्याकडे कळलं ते ब्रिटिश दिग्दर्शक पीटर ब्रुक यांच्यासाठी लिहिलेल्या ‘महाभारत’ या नाटकामुळे. तोवर ते वीसेक वर्षं पटकथा लिहीत होते, आणि त्या नाटकाची बांधणी समजून घ्यायची तर मागे जावं लागतं.

जन्म १९३१चा, दक्षिण फ्रान्समधल्या द्राक्षबागायतदार घरातला. शिक्षण इतिहासाचं. पहिली कादंबरी १९५७मध्ये आली आणि पाठोपाठ फ्रेंच दिग्दर्शक-अभिनेते झाक ताती यांच्या विनोदी चित्रपटांवरून पुस्तकं लिहिण्याचं काम मिळालं. या पोराला सिनेमातलं काही कळत नाही हे पाहून तातींनी त्याला संकलक सुझान बारों यांच्याकडे धाडलं. बाईंनी यंत्रावर रीळ चढवलं, शेजारी त्याच चित्रपटाची पटकथा उघडली आणि पानावरचं पडद्यावर कसं येतं ते एकेका शॉटने दाखवलं. ‘तो खिन्न होता’ हे कादंबरीत चालतं, कॅमेऱ्याला मात्र काहीतरी घडताना दिसावं लागतं. तातींकडेच भेटलेल्या विनोदी कलावंत पिएर एतेक्स यांच्यासोबत केलेल्या लघुपटाला पुढे ऑस्कर मिळालं.

१९६४ ते १९७७ या काळात स्पॅनिश दिग्दर्शक लुईस बुन्युएल यांच्यासाठी त्यांनी सहा चित्रपट लिहिले. खरी तालीम इथे झाली. दोघं शहरापासून लांब हॉटेलात मुक्काम ठोकत. दिवसभर एकत्र काम, प्रसंग स्वतः करून बघायचे. संध्याकाळी अर्धा तास वेगवेगळं बसून प्रत्येकाने एक गोष्ट रचायची आणि दुसऱ्याला सांगायची. समोरच्याची कल्पना पटली नाही तर लगेच नकार द्यायचा. विचार करायला वेळ घेतला की माणूस कारणं शोधू लागतो आणि विचित्र कल्पना तिथेच मरते. जेवण काही केल्या पार न पडणाऱ्या मंडळींच्या १९७२च्या चित्रपटाचे पाच खर्डे झाले, कारण अडथळे अनपेक्षित हवेत पण प्रसंग पटलाही पाहिजे, हा तोल जमेना. त्याच चित्रपटाला ऑस्कर मिळालं.

‘महाभारता’ची सुरुवात संस्कृतचे जाणकार फिलीप लावास्तीन यांच्या तोंडून कथा ऐकण्यापासून झाली. पुढे ब्रुकसोबत भारतात प्रवास झाले आणि १९८५मध्ये फ्रान्समधल्या आविन्यों शहराजवळच्या दगडखाणीत सुमारे नऊ तासांचा प्रयोग उभा राहिला. कर्ण कोण हे आपल्याला सांगावं लागत नाही, फ्रेंच प्रेक्षकाला सांगावंच लागतं. म्हणून व्यास सांगतात, गणपती लिहितो आणि एक मुलगा मध्येमध्ये प्रश्न विचारतो. मुलाच्या तोंडून प्रेक्षकच विचारतो, त्यामुळे माहितीचे संवाद इतर पात्रांच्या गळ्यात मारावे लागत नाहीत. युक्ती साधी आहे, पण नऊ तास तिच्यावर पेललेत.

गीता काही मिनिटांत उरकली, संदर्भ गाळला, अशी टीका झाली. भारतीय नाट्यसमीक्षक रुस्तम भरुचा यांनी ती सर्वांत सडेतोडपणे केली आणि ती बरीचशी रास्त आहे. मात्र याच नाटकावरून ब्रुक यांनी केलेल्या १९८९च्या चित्रपटावरून नाटकाची पारख करू नये. त्याची चित्रपटगृहांसाठीची आवृत्ती जेमतेम तीन तासांची आहे. पाहायचीच तर टीव्हीसाठीची, पाच तासांहून मोठी आवृत्ती मिळवावी.