रेडिओ ऑपरेटरच्या परवान्याची पार्श्वभूमी

अमेरिकेत जहाजावरचा किंवा विमानातला ट्रान्समीटर दुरुस्त करायचा, तर एफसीसीचा, म्हणजे तिथल्या केंद्रीय दळणवळण आयोगाचा, ‘जनरल रेडिओटेलिफोन ऑपरेटर’ परवाना लागतो. त्याची मुळं शोधत गेलं की आपण समुद्रावर पोचतो.

१९१० च्या कायद्याने ५० किंवा त्याहून जास्त माणसं नेणाऱ्या सागरी जहाजांवर बिनतारी यंत्र सक्तीचं केलं. ते चालवणारा जाणकार असावा, असंही म्हटलं. पण चोवीस तास ऐकत राहण्याची अट नव्हती, आणि एकटा माणूस कधीतरी झोपणारच.

१४ एप्रिल १९१२ च्या रात्री ‘कॅलिफोर्नियन’ या जहाजाचा एकुलता एक ऑपरेटर साडेअकराच्या सुमारास यंत्र बंद करून झोपला. अकरा चाळीसला ‘टायटॅनिक’ हिमनगावर आदळली. जवळच्या जहाजाला हाक ऐकू गेली नाही. ऐकली ती दूरच्या ‘कार्पेथिया’वर हॅरोल्ड कॉटमने. तोही झोपायच्या तयारीत कपडे बदलत होता, फक्त कानावरचा हेडफोन अजून काढला नव्हता. ‘कार्पेथिया’ने सातशेच्या वर माणसं वाचवली. इतक्या जिवांचा भरवसा अशा योगायोगावर ठेवणं भयंकरच होतं.

कायदा मग झपाट्याने बदलला. जुलैमध्ये दोन ऑपरेटर आणि अखंड पहारा आला, ऑगस्टमध्ये सरकारी परवाना. मोर्सचा, म्हणजे ठिपके आणि रेघांच्या सांकेतिक लिपीचा, वेग तपासला जाऊ लागला आणि संदेश गुप्त राखणं बंधनकारक झालं.

पुढे मोर्सच्या संदेशांची जागा बोलण्याच्या आवाजाने घेतली. १९३४ मध्ये एफसीसी स्थापन झालं. प्रसारण केंद्रांत पहिल्या वर्गाच्या परवान्याला, म्हणजे ‘फर्स्ट फोन’ला, मोठा मान होता, तो मिळवून देणारे झटपट शिकवणी वर्गही निघाले. १९८० च्या दशकाच्या सुरुवातीला पहिला आणि दुसरा वर्ग जाऊन आजचा जनरल परवाना आला. १९९३ पासून परीक्षा खासगी परीक्षकांकडे गेल्या. १९९९ मध्ये जीएमडीएसएस ही संकटसंदेश यंत्रणा पूर्णपणे लागू झाली आणि जहाजांवरचं मोर्स मागे पडलं. ही यंत्रणा सांभाळणाऱ्या तंत्रज्ञाला वेगळा परवाना आहे.

जनरल परवान्याला आता दोन पेपर असतात. नियमांच्या पेपरात २४ पैकी १८ उत्तरं बरोबर यावी लागतात, इलेक्ट्रॉनिक्सच्या पेपरात १०० पैकी ७५. संकटसंदेश आला की बाकीची बोलणी थांबवून तो आधी ऐकायचा, हे पहिल्याच पेपरात विचारतात.