फ्यूज उडतो तो वायरीसाठी

गाडीतला फ्यूज नेमका कोणासाठी असतो? रेडिओसाठी, हेडलाइटसाठी, ईसीयूसाठी म्हणजे इंजिन सांभाळणाऱ्या संगणकासाठी, अशी उत्तरं हमखास मिळतात. पण फ्यूजचा आकडा ठरवताना गाडीचा इंजिनिअर आधी बघतो ती वायर. ती किती जाड आहे, कुठून जाते, तिच्या शेजारी आणखी किती वायरी बांधल्यात. उपकरणाला लागतो त्या करंटच्या जरा वर आणि वायरीला झेपतो त्याच्या आत, असा आकडा निवडतात. ही एक गोष्ट डोक्यात पक्की बसली की फ्यूज बॉक्ससमोर उभं राहिल्यावर काय करायचं आणि काय मुळीच करायचं नाही, हे बरंचसं आपोआप कळतं.

वायरीची एवढी काळजी का, ते थोड्या आकडेमोडीनं बघू. छोट्या पेट्रोल गाडीची 12 व्होल्टची बॅटरी स्टार्टर फिरवताना 100 ते 200 अँपिअर सहज देते. आपण नुसते पार्किंग लाइट लावून बसलो असलो तरी ती ताकद बॅटरीत हजर असतेच. गाडीची पत्र्याची बॉडी बॅटरीच्या निगेटिव्हला जोडलेली असते; तिलाच आपण अर्थ म्हणतो. त्यामुळे डिकीच्या बिजागरीपाशी घासून घासून एखाद्या वायरीचं प्लॅस्टिक निघालं आणि आतलं तांबं पत्र्याला टेकलं, की बॅटरीला मोकळी वाट मिळाली. समजा, टेललाइटला जाणारी ही वायर 0.5 चौरस मिलीमीटरची आहे. तिच्या एका मीटरचा रोध साधारण 0.037 ओहम भरतो. तिच्यातून 100 अँपिअर गेले तर दर मीटरला 370 वॉट उष्णता तयार होते. एका मीटरमध्ये तांबं असतं जेमतेम साडेचार ग्रॅम. हिशेब केला तर त्या तांब्याचं तापमान सेकंदाला 200 अंशांहून अधिक वेगानं चढतं. वायरीवरचं पीव्हीसी 100 अंशांच्या आसपासच टिकण्यासाठी बनवलेलं असतं. अर्ध्या सेकंदात ते मऊ पडायला लागतं आणि पुढच्या दोन-तीन सेकंदांत धूर. ही वायर एकटीही नसते. जुडग्यात तिला खेटून इतर वायरी असतात, वर कार्पेट असतं, छताचं कापड असतं.

आता याच वायरीच्या सुरुवातीला 10 अँपिअरचा फ्यूज आहे असं धरा. दहापट करंट आल्यावर तो सेकंदाच्या दहाव्या भागाच्या आत तुटतो. तेवढ्या वेळात तांबं तापतं ते फार तर 20-25 अंशांनी. वायरीला इजाही होत नाही.

हे काम करणारा भाग म्हणजे प्लॅस्टिकच्या खिडकीतून दिसणारी ती जस्ताची बारीक, वळणदार पट्टी. जस्त 419 अंशांना वितळतं, तांबं 1085 अंशांना. त्यामुळे साखळीतली कमजोर कडी कुठे असावी, हे आपण आधीच ठरवून ठेवलेलं असतं. पण फ्यूजवर 10 लिहिलंय म्हणून 10.1 अँपिअरला तो उडत नाही, हे लक्षात घ्या. या पात्यांच्या, म्हणजे दोन चपट्या पायांच्या, फ्यूजचं मानक असं आहे की क्षमतेपेक्षा 10 टक्के जास्त करंट त्यानं निदान 100 तास सहन करावा. 35 टक्के जास्त असेल तर पाऊण सेकंदापासून दहा मिनिटांपर्यंत कधीही तुटावा. दुप्पट झाला तर मात्र 5 सेकंदांच्या आत तुटलाच पाहिजे. हा ढिलेपणा मुद्दाम ठेवलेला आहे. गार बल्ब लावला की पहिल्या काही मिलिसेकंदांत तो नेहमीच्या कितीतरी पट करंट ओढतो, कारण गार फिलामेंटचा रोध फार कमी असतो. पंख्याची मोटर सुरू होताना हेच होतं. फ्यूज जास्त चिडखोर असता तर रोज संध्याकाळी दिवे लावताना उडाला असता.

आता सगळ्यात धोकादायक सवयीकडे येतो. फ्यूज सारखा उडतोय म्हणून 10 च्या जागी 20 किंवा 30 चा लावायचा, किंवा तो मिळाला नाही तर तार नाहीतर सिगारेटच्या पाकिटातला चंदेरी कागद गुंडाळून खोचायचा. जुन्या घरांतल्या चिनी मातीच्या फ्यूजमध्ये जाड तार बांधायची जी सवय आपल्याकडे होती, तीच गाडीत आली. यात काय होतं ते आपल्या त्याच वायरीवर बघू. तिच्यातून सतत 28 अँपिअर वाहतायत, थेट शॉर्ट नाही, ओलसर कनेक्टरमधून किंवा जाम झालेल्या मोटरमुळे. 30 चा फ्यूज ढिम्म हलणार नाही, कारण त्याच्या दृष्टीनं सगळं मर्यादेत आहे. वायरीच्या दर मीटरला मात्र 29 वॉट उष्णता निघते, आणि जुडग्यात बांधलेल्या इतक्या बारीक वायरीला ती बाहेर टाकणं शक्य नसतं. आग लागते ती अशी, हळूहळू, फ्यूज शाबूत असताना. म्हणून माझं याबाबतीत अजिबात तडजोड नसलेलं मत आहे: तोच आकडा, किंवा अगदी नाइलाजानं त्याहून लहान. मोठा कधीच नाही, गॅरेजपर्यंत जाण्यापुरताही नाही.

आकडा ओळखायला रंग आहेत. 5 फिका तपकिरी, साडेसात गडद तपकिरी, 10 लाल, 15 निळा, 20 पिवळा, 25 पारदर्शक, 30 हिरवा. हे पात्यांचे फ्यूज लिटलफ्यूज या अमेरिकन कंपनीनं 1976 मध्ये आणले. त्याआधी काचेच्या नळीचे आणि युरोपियन गाड्यांत चिनी मातीच्या कांडीचे फ्यूज असत. आता आकार लहान लहान होत गेलेत, पण या आकड्यांचे रंग तेच राहिलेत. बहुतेक गाड्यांत बॉक्स दोन असतात: एक बॉनेटखाली बॅटरीजवळ, दुसरा डॅशबोर्डखाली. कोणता फ्यूज कशाचा, याचा नकाशा झाकणाच्या आतल्या बाजूला किंवा मॅन्युअलमध्ये मिळतो. फ्यूज उपटायचा छोटा प्लॅस्टिकचा चिमटाही अनेकदा तिथेच खोचलेला असतो.

उडालेला फ्यूज लगेच फेकू नका, उजेडात धरून नीट बघा. पट्टी मधोमध वितळून लहानशी फट पडलीय आणि बाकी स्वच्छ आहे, तर करंट थोडाच जास्त होता: मोटर जड झालीय, किंवा 12 व्होल्टच्या सॉकेटला टायरमध्ये हवा भरायचा पंप जास्त वेळ चालवला. खिडकी आतून काळी पडलीय, धातूचे शिंतोडे उडालेत, तर थेट शॉर्ट आहे. नवा फ्यूज लावला की तोही जाणार. आणि तिसरा प्रकार फार लोकांना माहीत नसतो. पट्टी शाबूत आहे, पण प्लॅस्टिक एका पायाशी वितळून पिवळंतपकिरी झालंय. इथे दोष बॉक्समधल्या ढिल्या क्लिपचा. ढिल्या जोडाचा रोध वाढतो, तिथे उष्णता तयार होते, उष्णतेनं क्लिप आणखी ढिली पडते. जास्त करंट ओढणाऱ्या ब्लोअरच्या आणि रेडिएटर फॅनच्या फ्यूजला हे जास्त होतं. इथे फ्यूज बदलून काही उपयोग नाही, क्लिप बदलावी लागते.

तपासताना एकेक फ्यूज उपटत बसायची गरज नसते. फ्यूजच्या डोक्यावर धातूचे दोन उघडे ठिपके दिसतात, ते यासाठीच आहेत. टेस्ट लॅम्प म्हणजे एका बाजूला टोक आणि दुसऱ्या बाजूला वायरीवर चिमटा असलेला छोटा दिवा. त्याचा चिमटा बॅटरीच्या निगेटिव्हला किंवा बॉडीच्या स्वच्छ बोल्टला लावा, इग्निशन ऑन करा आणि टोक दोन्ही ठिपक्यांना लावून बघा. दोन्हीकडे दिवा लागला तर फ्यूज बरा. एकीकडेच लागला तर उडालाय. दोन्हीकडे लागला नाही तर फ्यूजच्या आधीच सप्लाय तुटलाय, म्हणजे रिले (छोट्या करंटनं मोठा करंट जोडणारा स्विच, त्याबद्दल पुढे), इग्निशन स्विच किंवा मोठा मुख्य फ्यूज बघायचा. नुसतं डोळ्यांनी बघून निकाल देऊ नका. जुन्या फ्यूजच्या पट्टीला केसाएवढी चीर गेलेली असते आणि ती दिसत नाही. पिवळ्या कनेक्टरच्या आणि एअरबॅग लिहिलेल्या सर्किटला मात्र टेस्ट लॅम्प लावू नका, तो उद्योग जाणकाराचा.

शॉर्ट कुठे आहे हे शोधायची जुन्या वायरमन लोकांची एक युक्ती मला फार आवडते. फ्यूज काढायचा आणि त्याच्या दोन क्लिपांना इंडिकेटरचा 21 वॉटचा बल्ब जोडायचा. पुढे शॉर्ट असेल तर बल्ब पूर्ण तेजानं पेटतो, पण सर्किटमधून पावणेदोन अँपिअरच्या वर काहीच जाऊ शकत नाही, त्यामुळे वायर सुरक्षित. मग सर्किटवरची उपकरणं एकेक करून काढायची, आणि तरी बल्ब पेटलेलाच राहिला तर वायरिंग हलवत जायचं: डिकीची बिजागरी, दाराचा रबरी पाइप, सीटखालची पट्टी. ज्या ठिकाणी हात लावल्यावर बल्ब विझतो किंवा लुकलुकतो, तिथे दोष. पावसाळ्यात बरेच दिवस उभ्या राहिलेल्या गाडीत आधी बॉनेटखाली उंदरांनी काही कुरतडलंय का ते बघा. इंजिनच्या उबेला ते येतात आणि वायरीवर दात चालवतात.

फ्यूजच्या शेजारी बसलेले चौकोनी ठोकळे म्हणजे रिले. हेडलाइटचा अप्पर 60 वॉटचा असतो, म्हणजे एका बल्बला सुमारे 5 अँपिअर, दोघांना 10. एवढा करंट स्टिअरिंगजवळच्या नाजूक स्विचमधून नेला तर स्विचच्या संपर्कांवर ठिणग्या पडतात, ते जळतात, आणि लांब वायरीत व्होल्टेज पडून दिवा मंद होतो. रिले हे ओझं स्विचवरून उतरवतो. स्विच फक्त रिलेमधल्या वेटोळ्याला साधारण 0.15 अँपिअर देतो. वेटोळं चुंबक बनतं, लोखंडी पट्टी खेचतं आणि 30-40 अँपिअर झेलणारे संपर्क जोडले जातात. ‘टक’ असा आवाज येतो तो त्या पट्टीचा. जोसेफ हेन्री यांनी 1835 च्या सुमारास याच तत्त्वावर दूरचं चुंबक चालवून दाखवलं होतं. बाजारातून 100/90 वॉटचे बल्ब आणून मूळ वायरिंगवरच लावणारे लोक हे ओझं विसरतात. दोन बल्बचे 17 अँपिअर होतात आणि होल्डर वितळतात. हे बल्ब नियमातही बसत नाहीत आणि समोरच्याचे डोळे दिपवतात, ते वेगळंच.

रिलेच्या पायांवरचे आकडे जर्मन मानकातून आलेत. 85 आणि 86 वेटोळ्याचे. 30 वर बॅटरीचा सप्लाय, 87 वरून तो उपकरणाकडे जातो. पाचवा पाय 87ए असेल तर रिले बंद असताना 30 त्याला जोडलेला असतो. इथे तपासणीतली सगळ्यात मोठी फसगत ‘टक’ आवाजाची आहे. आवाज आला म्हणजे वेटोळं चांगलं, एवढंच सिद्ध होतं. संपर्क जळून काळे पडले असतील तर आवाज येऊनही पलीकडे काही पोचत नाही. त्यासाठी उपकरण चालू ठेवून 30 आणि 87 यांच्यामधलं व्होल्टेज मोजायचं, 0.2 व्होल्टच्या वर दिसलं तर संपर्क गेलेत. आवाजच नसेल तर 85 आणि 86 च्या सॉकेटमध्ये 12 व्होल्ट येतात का ते बघायचं. येत असतील तर रिले खराब, नसतील तर स्विच, वायर किंवा अर्थ.

मीटर जवळ नसेल तर शेजारचा तसाच रिले, बहुधा हॉर्नचा, काढून लावून बघता येतो. दोन्हींवर छापलेला नंबर मात्र सारखा हवा. वेटोळं बंद होताना त्याच्यातलं चुंबकत्व कोसळतं आणि उलट दिशेचा, शेकडो व्होल्टचा झटका तयार होतो. तो ईसीयूपर्यंत पोचू नये म्हणून काही रिलेंत डायोड, म्हणजे करंट एकाच दिशेनं जाऊ देणारा भाग, असतो. अशा रिलेला 85 आणि 86 ची दिशा पाळावी लागते. दिसायला सारखा म्हणून दुसऱ्या गाडीतला उचलून लावला तर भलतंच नुकसान होऊ शकतं.

बोरघाटात किंवा शहरातल्या गर्दीत तापमानाचा काटा चढतोय, आणि रेडिएटरचा फॅन फिरत नाही, अशा वेळी फॅनचा फ्यूज आणि रिले यांच्याकडे आधी बघावं. गाडी बाजूला घेऊन इंजिन बंद करायचं, हात फॅनपासून लांब ठेवायचा, कारण तो कधीही सुरू होऊ शकतो. याच्या उलट दोषही असतो: संपर्क एकमेकांना चिकटून बसतात आणि चावी काढल्यावरही फॅन फिरतच राहतो. काही गाड्यांत तो दोन-चार मिनिटं चालणं ठरवूनच दिलेलं असतं. पण तासभर चालला तर रिले उपटा, नाहीतर सकाळी बॅटरी उतरलेली असेल.

बॅटरी रात्रीतून उतरते पण कारण सापडत नाही, तेव्हा फ्यूज स्वतःच मोजमापाचं साधन होतात. प्रत्येक फ्यूजला थोडा रोध असतो. 10 च्या फ्यूजला साधारण 0.008 ओहम. गाडी लॉक करायची, बॉनेट उघडं ठेवायचं आणि सगळे कंट्रोलर, म्हणजे गाडीतले छोटे संगणक, झोपेपर्यंत अर्धा तास थांबायचं. मग मिलिव्होल्टवर मीटर ठेवून प्रत्येक फ्यूजच्या दोन ठिपक्यांमधलं व्होल्टेज बघायचं. जिथे 4 मिलिव्होल्ट दिसले तिथून अर्धा अँपिअर वाहतोय. 35 अँपिअर-तासाची बॅटरी त्यानं 70 तासांत रिकामी होते, म्हणजे तीन दिवससुद्धा नाही. निरोगी गाडीत हा आकडा सगळा मिळून 0.05 अँपिअरच्या आत असायला हवा. या पद्धतीत एकही फ्यूज काढावा लागत नाही, हा तिचा मोठा गुण. फ्यूज काढून परत लावला की झोपलेला कंट्रोलर जागा होतो आणि दोष लपून जातो.

नव्या गाड्यांत बरेच रिले जाऊन त्यांच्या जागी सेमीकंडक्टर स्विच आलेत. त्यांना आवाज नाही, झीज नाही, आणि करंट वाढला की ते स्वतःच बंद होऊन दोषाचा कोड नोंदवतात. त्यांच्यासाठी स्कॅनर लागतो. विजेवरच्या गाड्यांतही 12 व्होल्टची बॅटरी आणि रंगीत फ्यूज असतात, आणि वर लिहिलेलं सगळं तिथे जसंच्या तसं लागू पडतं. पण त्याच गाडीत 300-400 व्होल्टची दुसरी यंत्रणा असते आणि तिच्या वायरी जगभर नारिंगी रंगाच्या ठेवलेल्या आहेत. टेस्ट लॅम्प आणि चिमटा घेऊन जायचं ते नारिंगी वायर दिसेपर्यंतच.