६० जीबीचा गेम संगणकात उतरतो तेव्हा

जुलै-ऑगस्टमध्ये कोल्हापुरात पावसाने जोर धरला की विजेचा नेम राहत नाही. राजारामपुरीत किंवा मंगळवार पेठेत एखाद्या घरी मोठा गेम इन्स्टॉल होत असावा, आकडा ६२ टक्क्यांवर यावा आणि नेमकी त्याच वेळी वीज जावी, असे झाले की मित्रांचा सल्ला ठरलेला असतो : "भावा, सगळं उडव आणि पहिल्यापासून टाक." हा सल्ला आपुलकीचा असला तरी बहुतेक वेळा चुकीचा असतो आणि त्यापायी कित्येक जीबी डेटा व रात्रभराचा वेळ विनाकारण खर्ची पडतो. गेमच्या प्रकाशक कंपन्यांचे लाँचर, म्हणजे गेम उतरवून घेणारे व चालू करणारे प्रोग्रॅम, मुळात अशा खंडाचा विचार करूनच रचलेले असतात. वीज परत आल्यावर तो ६२ टक्के माल जवळजवळ सगळा शाबूत असतो. तो शाबूत आहे हे लाँचरला कळते कसे, हा या लेखाचा विषय आहे.

पूर्वी गेम डिस्कवर येत असे. २०१५ साली 'ग्रँड थेफ्ट ऑटो ५' संगणकासाठी बाजारात आला तेव्हा त्याच्या खोक्यात ७ डीव्हीडी होत्या. त्या एकामागून एक घालत बसावे लागे. मात्र तोपर्यंत ही पद्धत मागे पडत चालली होती. व्हॉल्व्ह या कंपनीने १२ सप्टेंबर २००३ रोजी 'स्टीम' हा आपला लाँचर सुरू केला आणि पुढच्याच वर्षी आलेल्या 'हाफ-लाइफ २' या गेमसाठी तो अनिवार्य केला. त्यानंतर यूबीसॉफ्ट, इलेक्ट्रॉनिक आर्ट्स, ब्लिझार्ड, रॉकस्टार, एपिक अशा सर्वांनी आपापले लाँचर काढले. प्रत्येकाची मांडणी वेगळी असली तरी आतले तत्त्व सारखेच आहे. पुढे आकडे देताना मी मुख्यतः स्टीमचे उदाहरण घेतो, कारण त्याची रचना गेम तयार करणाऱ्यांसाठी सविस्तर प्रसिद्ध केलेली आहे.

आपण 'इन्स्टॉल'चे बटण दाबतो तेव्हा गेम लगेच उतरू लागत नाही. सर्वांत आधी येते ती एक यादी. गेममध्ये कोणकोणत्या फाइल्स आहेत, प्रत्येकीचा आकार किती, ती कोणत्या फोल्डरमध्ये ठेवायची आणि तिचे किती तुकडे पडतात, हे सारे या यादीत नोंदलेले असते. स्टीममध्ये एक तुकडा साधारण १ एमबीचा असतो. म्हणजे ६० जीबीच्या गेमचे जवळपास ६० हजार तुकडे झाले. शाहू मार्केट यार्डात गुळाच्या रव्यांची गाडी आली की मालाच्या नोंदीचे चलन हातात घेऊन रवे मोजले जातात आणि दोन रवे भिजलेले निघाले तर तेवढेच बाजूला काढतात, अख्खी गाडी कोणी परत पाठवत नाही. लाँचरचा व्यवहारही नेमका असाच चालतो. कोणत्या भाषेतले संवाद हवेत हेही या यादीच्या टप्प्यावरच ठरते. इंग्रजी निवडले असेल तर जर्मन किंवा जपानी आवाजाच्या फाइल्स उतरतच नाहीत, आणि मोठ्या गेममध्ये ही बचत काही जीबींची असू शकते.

मात्र नुसत्या संख्येवर आणि आकारावर विसंबून चालत नाही. एखादा तुकडा बरोबर १ एमबीचा असूनही आतून बिघडलेला असू शकतो. म्हणून यादीत प्रत्येक तुकड्यापुढे त्याचा 'हॅश' लिहिलेला असतो. हॅश म्हणजे त्या तुकड्यातील सर्व बिट्सवर, म्हणजे शून्य-एकांवर, ठरावीक गणिती प्रक्रिया करून मिळालेली एक संख्या. स्टीम यासाठी 'शा-१' ही पद्धत वापरते आणि तिच्यातून १६० बिटची संख्या मिळते. १ एमबीमध्ये ऐंशी लाखांहून अधिक बिट असतात. त्यांतला एक बिट जरी शून्याचा एक झाला, तरी हॅश पूर्णपणे बदलतो. थोडासा बदल म्हणजे थोडासा वेगळा हॅश, असे येथे होत नाही, आणि यातच या गणिताचे खरे सौंदर्य आहे. १६० बिटांत मांडता येणाऱ्या संख्यांची संख्या ४९ आकडी आहे, त्यामुळे बिघडलेल्या तुकड्याचा हॅश योगायोगाने मूळ हॅशशी जुळेल ही भीती व्यवहारात उरत नाही.

योगायोगाची भीती नसली तरी मुद्दाम केलेल्या लबाडीची भीती वेगळी असते. २०१७ मध्ये गूगल आणि अ‍ॅमस्टरडॅममधील सीडब्ल्यूआय या संस्थेच्या संशोधकांनी एकच शा-१ हॅश असलेल्या दोन निरनिराळ्या फाइल्स तयार करून दाखवल्या. तेव्हापासून जेथे फसवणुकीचा धोका आहे तेथे शा-२५६सारख्या नव्या पद्धतींकडे वळण्याचा आग्रह धरला जातो. यादी खरोखर प्रकाशकाकडूनच आली आहे, याची खात्री करण्यासाठी डिजिटल सहीचा उपयोग होतो. सही करण्याची गुप्त किल्ली फक्त प्रकाशकाकडे असते आणि ती सही तपासण्याची उघड किल्ली सर्वांकडे असते. अनोळखी ठिकाणाहून 'फुकट' म्हणून उतरवलेल्या इन्स्टॉलरमागे ही साखळीच नसते. त्या फाइलमध्ये काय आहे याची हमी देणारे कोणीही नसते, आणि गेमची हौस असलेल्या घरातल्या मुलांना ही गोष्ट कोणीतरी शांतपणे समजावून सांगायला हवी असे मला मनापासून वाटते.

येथे एक रास्त शंका येते. इंटरनेटवर माहिती पाठवताना तिची तपासणी होतेच, तर लाँचरने पुन्हा का तपासावे? टीसीपी या नियमावलीनुसार पाठवलेल्या प्रत्येक पाकिटात तपासणीची संख्या असते, पण ती फक्त १६ बिटांची आहे, म्हणजे तिच्या ६५,५३६ शक्यताच होतात. त्याखालच्या आणि वरच्या थरांवरही तपासण्या असतात हे खरे. परंतु त्या सगळ्या तारेवरच्या प्रवासापुरत्या असतात. माहिती संगणकात पोहोचल्यावर ती रॅममधून, म्हणजे तात्पुरत्या स्मृतीतून जाते, प्रोसेसर ती उलगडतो, मग ती डिस्कवर लिहिली जाते, आणि बिघाड यांपैकी कोणत्याही टप्प्यावर होऊ शकतो. वारंवार फाइल्स खराब निघत असतील तर दोष इंटरनेटचा असेलच असे नाही; रॅम सदोष असेल किंवा डिस्क म्हातारी झाली असेल. लाँचरची तपासणी अशा वेळी नकळत संगणकाच्या आजाराचे निदानही करून जाते.

आता वेगाकडे वळू. इंटरनेटचा वेग मेगाबिटमध्ये सांगतात आणि लाँचर बहुधा मेगाबाइटमध्ये दाखवतो. ८ बिटांचा १ बाइट होतो, म्हणून १०० एमबीपीएसच्या (सेकंदाला १०० मेगाबिटच्या) जोडणीवर लाँचरमध्ये सेकंदाला १२.५ एमबीपेक्षा मोठा आकडा दिसणार नाही. या हिशेबाने ६० जीबीला किमान ८० मिनिटे लागतात. इंटरनेट कंपनीने वेग कापल्याची तक्रार पुष्कळदा नुसत्या एककाच्या घोळातून होते. डिस्कच्या जागेचेही तसेच आहे : ५१२ जीबीची म्हणून घेतलेली एसएसडी (फिरती तबकडी नसलेली डिस्क) विंडोजमध्ये सुमारे ४७६ जीबीची दिसते, कारण उत्पादक हजाराच्या पटीत मोजतो आणि विंडोज १,०२४च्या पटीत.

तुकडे कोठून येतात यालाही महत्त्व आहे. प्रकाशकाचे मुख्यालय अमेरिकेत असले तरी गेमच्या प्रती जगभरातल्या सर्व्हरवर ठेवलेल्या असतात, आणि स्टीमच्या सेटिंगमध्ये डाउनलोडचा प्रदेश म्हणून मुंबई निवडता येते. काचतंतूतून प्रकाश सेकंदाला सुमारे २ लाख किलोमीटर जातो. कोल्हापूर ते मुंबई हे पावणेचारशे किलोमीटर अंतर जाऊन येण्यास त्याला ४ मिलिसेकंदही लागत नाहीत, तर अमेरिकेच्या पश्चिम किनाऱ्यापर्यंतच्या १३-१४ हजार किलोमीटरसाठी सरळ रेषेत गेले तरी १३०-१४० मिलिसेकंद जातात आणि प्रत्यक्षात केबलचा मार्ग याहून लांबचा असतो. पाठवणाऱ्याला पोच मिळेपर्यंत ठरावीक प्रमाणातच माहिती पुढे पाठवता येते. टीसीपीच्या मूळ रचनेत हे प्रमाण ६४ केबीपर्यंत होते. फेरीला २०० मिलिसेकंद लागत असतील तर त्या हिशेबाने सेकंदाला जेमतेम ३२० केबी हाती पडले असते. १९९२ मध्ये ही मर्यादा वाढवण्याची सोय झाली. तरीही लाँचर एकाच वेळी अनेक जोडण्या उघडतात आणि निरनिराळे तुकडे निरनिराळ्या वाटांनी आणतात. तुकड्यांना क्रमाचे बंधन नसल्यामुळेच हे शक्य होते.

स्टीमचे डाउनलोडचे पान थोडा वेळ निरखून पाहावे असे मी आवर्जून सुचवेन. तेथे इंटरनेटचा वेग निळ्या खांबांनी आणि डिस्कचे काम हिरव्या रेषेने दाखवतात. अनेकदा निळे खांब एकाएकी शून्यावर येतात आणि हिरवी रेषा मात्र चालूच राहते. घरातले कोणीतरी लगेच उठून राउटर बंद-चालू करते. वास्तविक इंटरनेट ठीक असते. तुकडे दाबून लहान केलेल्या रूपात आलेले असतात, ते उलगडण्याचे काम प्रोसेसरकडे आणि लिहिण्याचे काम डिस्ककडे असते. त्यांना वेळ मिळावा म्हणून लाँचरने स्वतःच नवे तुकडे मागवणे थांबवलेले असते. जुन्या हार्ड डिस्कवर हे अधिक जाणवते. मिनिटाला ७,२०० फेरे घेणाऱ्या तबकडीची एक फेरी ८ मिलिसेकंदांहून थोडी अधिक चालते आणि विखुरलेल्या जागी लिहायचे म्हटले की प्रत्येक वेळी योग्य जागा फिरून येईपर्यंत काही मिलिसेकंद वाट पाहावी लागते. स्वस्त एसएसडीमध्ये वेगळाच प्रकार दिसतो. तिच्यातला थोडाच भाग वेगाने लिहिण्यासाठी राखलेला असतो. तो भरेपर्यंत काम झपाट्याने होते आणि मग एकदम मंदावते.

वीज गेल्यावर डिस्कवर काय होते, ते आता पाहू. विंडोजची एनटीएफएस ही फाइल-व्यवस्था फाइलचे नाव, आकार, जागा यांतील बदलांची आधी वहीत नोंद करते आणि मग ते प्रत्यक्षात आणते, त्यामुळे अचानक बंद पडूनही फोल्डरांची रचना सहसा कोलमडत नाही. परंतु फाइलच्या आतल्या मजकुराची अशी नोंद होत नाही. म्हणून कधी कधी अशी फाइल सापडते, जिचे नाव बरोबर, आकार बाइटागणिक बरोबर आणि आत मात्र नुसती शून्ये. माणसाला फोल्डर उघडून हा दोष दिसणार नाही. हॅशला तो तत्काळ दिसतो. गेमच्या गुणधर्मांत फाइल्स तपासण्याचा जो पर्याय असतो, तो हेच करतो : डिस्कवरचा प्रत्येक तुकडा वाचतो, हॅश काढतो, यादीशी ताडतो आणि न जुळणारे तेवढेच पुन्हा मागवतो. पुष्कळदा ६० हजारांपैकी अगदी मूठभर तुकडेच बदलावे लागतात.

अपडेटचे कोडेही येथेच सुटते. नव्या आवृत्तीची यादी जुन्या यादीशी ताडायची आणि जे हॅश नवे दिसतील तेवढेच तुकडे आणायचे, एवढेच ते काम. मग ५०० एमबीच्या अपडेटसाठी ४० जीबी मोकळी जागा का मागितली जाते? गेमचे चित्र-आवाज अनेकदा काही प्रचंड फाइल्समध्ये एकत्र बांधलेले असतात. चालू फाइलमध्येच खाडाखोड केली आणि मध्येच वीज गेली तर जुनीही आवृत्ती गेली आणि नवीही नाही, अशी गत होईल. म्हणून लाँचर जुने व नवे तुकडे जोडून शेजारी पूर्ण नवी फाइल उभी करतो, ती तपासतो आणि मगच जुनीच्या जागी बसवतो. जागेची ही मागणी अडचणीची वाटते खरी, पण आपल्याकडच्या विजेच्या परिस्थितीत ती योग्यच आहे. गेम तयार करणाऱ्यांनी मात्र फाइल्स इतक्या मोठ्या बांधू नयेत; त्याची किंमत ग्राहकाच्या डिस्कला मोजावी लागते.

प्रकाशनाच्या आधी गेम उतरवून ठेवण्याची सोय हल्ली असते. तेव्हा तुकडे कुलूपबंद, म्हणजे एन्क्रिप्ट केलेले असतात आणि किल्ली प्रकाशनाच्या क्षणी पाठवली जाते. किल्ली काही बाइटांचीच असली तरी सगळा गेम पुन्हा वाचून, उलगडून, लिहावा लागतो, त्यामुळे हार्ड डिस्क असलेल्यांना त्या दिवशी बराच काळ ताटकळावे लागते.

सर्व तुकडे जुळल्यावर शेवटची जुळवाजुळव उरते. व्हिज्युअल सी++ किंवा डायरेक्टएक्सचे पूरक भाग बसवताना विंडोज परवानगी विचारते, कारण ते संगणकाच्या सामाईक भागात जातात. पहिल्यांदा गेम उघडताना 'शेडर', म्हणजे पडद्यावरचे चित्र कसे रंगवायचे हे ग्राफिक्स कार्डाला सांगणारे छोटे प्रोग्रॅम, तयार करणे सुरू होते. प्रत्येक ग्राफिक्स कार्डाची भाषा निराळी असल्याने हे काम प्रकाशकाकडे आधीच करून ठेवणे संगणकांच्या बाबतीत सहसा जमत नाही. स्टीमवर विकत घेतलेला यूबीसॉफ्टचा गेम यापुढे जाऊन यूबीसॉफ्टचा लाँचरही मागतो. एकाच गेमसाठी दोन लाँचर, दोन खाती, दोन पासवर्ड, हा भार ग्राहकावर टाकणे मला अन्यायाचे वाटते. तांत्रिकदृष्ट्या त्याची फारशी गरज नाही.

शिवाजी विद्यापीठाच्या परिसरात खोली घेऊन एकत्र राहणाऱ्या विद्यार्थ्यांना एक सोय माहीत असावी. २०२३ पासून स्टीममध्ये एकाच वायफायवरच्या दुसऱ्या संगणकातून गेम घेता येतो. दोघांकडेही खाते असावे लागते, गेमचा हक्क ज्याचा त्यालाच मिळवावा लागतो आणि शेजारच्या संगणकावरचा गेम अद्ययावत असावा लागतो. मग साठ जीबी बाहेरच्या इंटरनेटवरून येत नाहीत, खोलीतल्या राउटरमधून येतात. यादी तेव्हाही स्टीमच्या सर्व्हरवरूनच घेतली जाते आणि शेजारून आलेला प्रत्येक तुकडा तिच्याशी ताडूनच डिस्कवर ठेवला जातो. जे तुकडे तेथे मिळत नाहीत, ते नेहमीप्रमाणे सर्व्हरकडून मागवले जातात.