चिखलातले गुडघे

‘१४ कोटी वर्षांपूर्वीचं जंगल’ असा मथळा दिसला की मी आधी आकडा बघतो. दोडामार्ग तालुक्यातल्या हेवाळे-बांबर्डे इथल्या रानजायफळांच्या दलदलीबद्दल हे वाक्य हमखास फिरतं. फुलझाडांचे सर्वमान्य असे सर्वांत जुने पुरावे म्हणजे परागकणांचे जीवाश्म, आणि तेच जेमतेम साडेतेरा कोटी वर्षांचे. मग जायफळाचं कुळ त्याआधी कुठून येणार? घराणं जुनं आहे हे खरं, पण कौतुकासाठी पत्रिकेत खाडाखोड करायची गरज नाही.

ही जागा आहे अवघी २.५९ हेक्टर, म्हणजे साडेसहा एकरही नाही. आता ती जैवविविधता वारसा स्थळ आहे. त्याआधी तिला राखलं ते देवराईच्या धाकानं. गोव्यात सत्तरी तालुक्यात निरंकाराची राई आहे, तिथेही हीच गोष्ट: देवाची जागा, कोयता चालवायचा नाही. अशा दलदलींचं वर्णन अभ्यासकांनी १९६० मध्ये केरळात केलं. आज त्या पश्चिम घाटात ठिपक्याठिपक्यांनी उरल्या आहेत. कारण सरळ आहे. दरीतळाची सपाट, बारमाही ओलाव्याची जी जागा या झाडांना लागते, नेमकी तीच भाताच्या मळ्याला आणि पोफळीच्या कुळागराला, म्हणजे बागेला, लागते. माणसानं पोफळी निवडल्या.

इथलं मुख्य झाड मायरिस्टिका मॅग्निफिका. आपल्या श्रीखंडातल्या जायफळाचं हे रानातलं भावंड. (श्रीखंडातलं जायफळ मूळचं इंडोनेशियातल्या बांदा बेटांवरचं.) पण राईत शिरल्यावर नजर फांद्यांकडे जातच नाही, खाली खिळते. खोडापासून तिरक्या काठ्यांसारखी आधारमुळं उतरलेली असतात आणि चिखलातून जागोजाग मुळं वर येऊन, वाकून पुन्हा आत गेलेली दिसतात. पाण्यात कुणी गुडघे उभे करून बसावं तशी.

बऱ्याच जणांना वाटतं, मुळं पाण्यासाठी धडपडतायत. पाण्यात उभ्या असलेल्या झाडाला पाण्याची काय ददात? ददात आहे ती हवेची.

मूळ जिवंत आहे, त्याला श्वसन करावं लागतं. साध्या जमिनीत मातीच्या कणांमधल्या पोकळीतून ऑक्सिजन झिरपतो. तीच पोकळी पाण्यानं भरली की पंचाईत होते, कारण पाण्यातून ऑक्सिजन हवेच्या तुलनेत सुमारे १० हजार पट हळू पसरतो. जो थोडा असतो तो जिवाणू एक-दोन दिवसांत फस्त करतात. मग ते श्वसनासाठी ऑक्सिजनऐवजी नायट्रेट वापरतात, नंतर मँगनीज, मग लोह, मग सल्फेट, आणि अगदी शेवटी मिथेन तयार होतो. ही पायरी-पायरीची उतरण मला फार आवडते, कारण प्रत्येक पायरीवर मिळणारी ऊर्जा कमी होत जाते आणि जिवाणू तरीही संसार चालवतात. झाडाला मात्र लोहाच्या पायरीवर दुहेरी मार बसतो: ऑक्सिजन नाही, वर पाण्यात विरघळलेलं लोह मुळांना विषारी.

गुडघा कामाला येतो तो इथे. त्याच्या सालीवर बारीक वल्करंध्रं, म्हणजे हवेची छिद्रं, असतात आणि आत पोकळ्यांनी भरलेली मऊ वायुऊती. हवा वरून शिरते आणि चिखलातल्या टोकांपर्यंत पोचते. मुळाबाहेर थोडा ऑक्सिजन पाझरला की विरघळलेलं लोह तिथेच गंजून बसतं. हे पाहायला दोडामार्गला जायला नको. लावणीनंतर काही आठवड्यांनी भाताचं रोप उपटून धुवा, मुळांवर तांबूस थर दिसेल. भाताकडेही हीच युक्ती आहे.

या कुळातल्या झाडांवर घाव घातला की लाल चीक येतो. ते रक्त नव्हे, बराचसा टॅनिनचा रस आहे. पण लाल धार पाहून कुणाचा हात थबकला असेल आणि झाड वाचलं असेल, तर माझी तक्रार नाही. माझी तक्रार त्या श्रद्धेशी आहे जी देवळाला सिमेंटचा सभामंडप बांधताना राईतलीच झाडं पाडते.

बी मोठं, त्यावर लालभडक जायपत्री. धनेश ते गिळतो, पत्री पचवतो आणि बी दुसरीकडे टाकतो. हे बी तांदळासारखं कणगीत ठेवता येत नाही. वाळलं की मेलं. पडेल तिथे ओल हवी. म्हणून सुकी जागा ओलांडून दलदल सहसा पसरत नाही, आणि पाणी हटलं तर गुडघ्यांचा फायदाही संपतो. कोरड्या जमिनीत रानातली इतर झाडं पुढे सरसावतात. राईला कुंपण घालता येतं, पण तिला भिजवणारा ओहोळ येतो तो कुंपणापलीकडून, आणि वरच्या अंगाला कुणी पाट वळवला किंवा पंप बसवला, तर या २.५९ हेक्टरांच्या नकाशावर त्याची खूणही उमटणार नाही.